सोलमध्ये पायी फिरून कोरियन पॉप संस्कृती पाहायची आहे : सोंगसू निवडावे की होंगदे?

रानजाई

नमस्कार मंडळी,

ऑक्टोबरच्या अखेरीस मी माझ्या सतरा वर्षांच्या मुलीला घेऊन सोलला जात आहे. व्हिसा आणि विमानाची तिकिटे हाती आली असून आठवडाभराचा सगळा मुक्काम शहरातच आहे. मुलगी गेली काही वर्षे कोरियन गाणी मनापासून ऐकते, मैत्रिणींबरोबर त्यांचे नाच बसवते आणि हंगुल लिपी स्वतःहून वाचायला शिकली आहे. मला त्या गाण्यांतले फारसे कळत नाही, पण अनोळखी शहरात पायी भटकायला अतिशय आवडते. एखादी वस्ती कशी वसली, तिथे पूर्वी कोणते धंदे चालत, चकचकीत दुकानाच्या मागच्या गल्लीत आज कोण काम करते, हे पाहण्यात माझा दिवस सहज जातो. आम्हा दोघींची हौस एकाच वाटेवर भागावी, अशी इच्छा आहे.

वाचताना सोंगसू-दोंग आणि होंगदे ही दोन नावे सतत समोर येतात. सोंगसूमध्ये नुसते कॅफे आणि रांगा आहेत असे काही जण लिहितात, तर होंगदे आता केवळ पर्यटकांचे उरले आहे असे दुसरे सांगतात. त्यातच मुलीच्या यादीत एसएम, वायजी, जेवायपी आणि हाइब या चारही मोठ्या संगीत कंपन्यांची मुख्यालये आहेत आणि नकाशावर ती चार वेगवेगळ्या भागांत विखुरलेली दिसतात. या इमारतींसाठी वेळ खर्च करावा का, की एकाच वस्तीत निवांत चालावे? चाहत्यांची म्हणून जी संस्कृती आहे ती रस्त्यावर खरोखर कुठे दिसते? आणि पायी फिरताना व्यवहारात कोणत्या अडचणी येतात? जाणकारांनी सविस्तर लिहिले तर फार मदत होईल.

नकाशावेडा

रानजाई, तुम्ही तुमच्याविषयी जे लिहिले आहे त्यावरून मी नि:शंकपणे सोंगसू सुचवेन. वस्तीचा इतिहास आणि आजचा संगीत व्यवसाय ही दोन्ही तिथे एकमेकांना खेटून उभी आहेत, आणि अंतरे इतकी लहान आहेत की दिवसभरात कुठेही वाहनात बसावे लागत नाही.

सुरुवात सोंगसू स्थानकापासून न करता सुइन-बुंदांग मार्गावरच्या सोल फॉरेस्ट स्थानकापासून करावी. सोल फॉरेस्ट हे उद्यान २००५ मध्ये खुले झाले. त्याआधी या जागेवर शहराची घोड्यांची शर्यत भरत असे, आणि १९८९ मध्ये शर्यतीचे मैदान ग्वाछोनला हलले. उद्यानाच्या प्रवेशाजवळ धावत्या घोड्यांचे पुतळे आहेत ते याच आठवणीचे. तुम्ही जात आहात त्या दिवसांत गिंको वृक्षांची पाने पिवळी होऊ लागलेली असतील. सकाळी दहाच्या आत तिथे पोहोचलात तर मोकळ्या हवेत तासभर चालता येईल, कारण आजूबाजूची दुकाने अकरा-बाराच्या आधी सहसा उघडतच नाहीत.

स्थानकाला लागूनच जी उंच काचेची इमारत दिसते, तिच्यात एसएम एंटरटेनमेंटचे मुख्यालय आहे. १९९५ मध्ये स्थापन झालेली ही कंपनी वर्षानुवर्षे हान नदीपलीकडच्या गांगनाम भागात होती आणि २०२१ मध्ये ती इथे आली. तळघरात तिच्या कलाकारांच्या वस्तूंचे दुकान आहे, त्यामुळे तुमच्या मुलीच्या यादीतले एक नाव वाटेतच पूर्ण होईल. ही कंपनी गांगनाम सोडून नेमकी इथे का आली असावी, याचा विचार करत पुढे चालले की बाकीची वस्ती अधिक चांगली उलगडते, असा माझा अनुभव आहे.

उद्यानाच्या बाजूच्या जुन्या घरांच्या गल्ल्यांमधून पूर्वेकडे चालत गेले की मेट्रोचा दोन क्रमांकाचा मार्ग लागतो. या भागात तो जमिनीखालून न जाता खांबांवरून जातो. त्याच्या दक्षिणेला योनमुजांग-गिल हा सोंगसूचा मुख्य रस्ता आहे. एकेकाळी हा सगळा पट्टा लहान कारखान्यांचा होता. छपाई, मोटारदुरुस्ती, धातूकाम आणि सर्वांत मोठा व्यवसाय म्हणजे हाताने शिवलेले चामडी बूट. शहराच्या मध्यभागातले भाडे परवडेनासे झाले तसे बूट बनवणारे कारागीर इकडे सरकले आणि १९८० व १९९० च्या दशकांत कोरियातला बूटधंदा मुख्यतः इथून चालू लागला. १९९७ च्या आर्थिक संकटाने आणि स्वस्त आयात मालाने त्याला मोठा फटका बसला. जागा रिकाम्या पडल्या, छते उंच होती, भिंती लाल विटांच्या होत्या आणि भाडे कमी होते, म्हणून चित्रकार, छायाचित्रकार आणि कॅफेवाले आले. देरीम छांगो नावाच्या जुन्या गोदामात कॅफे आणि कलादालन सुरू झाले, तेव्हापासून हा बदल लोकांच्या नजरेत भरला. २०१६ मध्ये कॅफे ओनियनने एक जुनी इमारत तिच्या उखडलेल्या गिलाव्यासह तशीच ठेवून वापरात आणली. मुसिन्सा ही ऑनलाइन कपडे विकणारी मोठी कंपनीही इथेच आली, आणि २०२२ मध्ये दिओरने भव्य दालन उभारले.

या सर्वांच्या अधूनमधून बुटांची दुकाने, चामड्याचे तागे विकणारे, टाचा आणि बक्कल विकणारे अजून टिकून आहेत. मुख्य रस्ता सोडून एक गल्ली आत गेलात की शिलाईयंत्राचा आवाज ऐकू येतो. मला विचाराल तर सोंगसूचा खरा आनंद याच गल्ल्यांमध्ये आहे. मात्र त्यासाठी कामाच्या दिवशी जावे, कारण रविवारी बरेच कारागीर सुटीवर असतात आणि मुख्य रस्त्यावर चालायलाही जागा नसते. सोंगसू स्थानकाच्या आतही बूटधंद्याची माहिती देणारे छोटे प्रदर्शन आहे. लोक त्याच्याजवळून न थांबता जातात, तुम्ही थांबा.

आता तुमच्या मुलीच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट. योनमुजांग-गिलवरील कितीतरी जागा आता काही दिवसांसाठीच भाड्याने दिल्या जातात आणि तिथे तात्पुरती दुकाने, म्हणजे पॉप-अप स्टोअर भरतात. नवा अल्बम आला की गटाच्या नावाचे पॉप-अप, सौंदर्यप्रसाधनांच्या जाहिरातीत गायक असला की त्याच्या छायाचित्रांचे पॉप-अप, असा हा क्रम अखंड चालू असतो. एक किंवा दोन आठवड्यांत भिंती, रंग, सजावट सगळे बदलते, म्हणून कोणी सहा महिन्यांपूर्वी लिहिलेल्या यादीवर विसंबू नका. निघण्याच्या आठवड्यात इन्स्टाग्रामवर हंगुलमध्ये शोध घ्यावा. तुमच्या मुलीला लिपी येते, तिचा उपयोग इथे सर्वांत जास्त होईल. दारापाशी नाव नोंदवण्यासाठी जो टॅब्लेट असतो तो पुष्कळदा कोरियन भ्रमणध्वनी क्रमांक मागतो. अशा वेळी तिथल्या कर्मचाऱ्यांना पारपत्र दाखवून विचारावे, ते बहुतेक वेळा हाताने नोंद करून घेतात.

चंद्रकोर

मी शिक्षणासाठी सोलमध्येच राहते, त्यामुळे रोजच्या पाहण्यातले सांगते. वरच्या प्रतिसादातली सोंगसूची माहिती उत्तम आहे, पण रानजाईताईंनी विचारलेल्या एका प्रश्नाचे उत्तर त्यात येत नाही : चाहत्यांची संस्कृती रस्त्यावर कुठे दिसते? सोंगसूमध्ये जे दिसते ते प्रामुख्याने कंपन्यांनी चाहत्यांसाठी मांडलेले असते. चाहत्यांनी स्वतः उभे केलेले पाहायचे असेल तर होंगदे आणि त्याला लागून असलेले हापजोंग, सांगसू (हे सोंगसूहून वेगळे) व योन्नाम-दोंग हे भाग पाहिले पाहिजेत. ते केवळ पर्यटकांचे उरले आहेत हे म्हणणे मला मुळीच पटत नाही.

उदाहरणादाखल वाढदिवसाचे कॅफे घ्या. एखाद्या गायकाचा वाढदिवस जवळ आला की त्याचे चाहते, बहुतेक वेळा विशीतल्या मुली, वर्गणी काढून किंवा स्वतःचे पैसे घालून एखादा छोटा कॅफे काही दिवसांसाठी ठरवतात. भिंतींवर त्यांनीच टिपलेली छायाचित्रे लागतात, फुगे आणि फलक येतात, पेल्याभोवती गुंडाळायची कागदी पट्टी खास छापून घेतली जाते आणि पेय विकत घेणाऱ्याला त्या पट्टीसोबत फोटोकार्ड, म्हणजे गायकाचे छायाचित्र छापलेले छोटे कार्ड, दिले जाते. यात कलाकाराचा किंवा त्याच्या कंपनीचा कसलाही सहभाग नसतो. आत कोणीही जाऊ शकते, प्रवेशमूल्य नसते, एक पेय घेतले की पुरे. एकाच गायकासाठी एकाच आठवड्यात जवळजवळच्या गल्ल्यांत अनेक कॅफे सजलेले असतात आणि चाहते नकाशा हाती घेऊन ते एकामागून एक पायीच पाहत जातात. एक्स या समाजमाध्यमावर गायकाच्या नावासोबत वाढदिवसाच्या कॅफेचा हॅशटॅग कोरियनमध्ये शोधला की पत्ते, तारखा आणि वेळा मिळतात. ऑक्टोबरच्या शेवटी किंवा नोव्हेंबरच्या सुरुवातीला ज्यांचे वाढदिवस येतात अशा कलाकारांची नावे तुमची मुलगी तोंडपाठ सांगेल, तिलाच हे काम द्या.

तिथे गेल्यावर एक पथ्य पाळावे. सजावट करणारी मुलगी बहुधा कोपऱ्यातल्या टेबलाशी उभी असते. तिला नमस्कार करून छान झाल्याचे सांगावे, मात्र तिचा किंवा इतर ग्राहकांचा चेहरा छायाचित्रात येऊ देऊ नये. इथे लोक या बाबतीत फार जागरूक असतात.

होंगदेच्या मुख्य पादचारी रस्त्यावर संध्याकाळी नाचणाऱ्यांचे गट जमतात. काही गट ठरलेल्या गाण्यावर पूर्ण वेशभूषेत नाचून त्याचे एकसलग चित्रीकरण करतात, काही वेळा कोणतेही गाणे मध्येच लावले जाते आणि ज्यांना तो नाच येतो ते प्रेक्षकांतून धावत मधोमध येतात. तुमच्या मुलीला नाच येत असतील तर तिला जरूर पुढे पाठवा. कोणत्या देशाची आहे हे कोणी विचारत नाही, पावले जुळतात की नाही एवढेच पाहिले जाते. अनोळखी मुलामुलींच्या घोळक्यात भाषा न येता एखादी मुलगी अशी मिसळून गेलेली पाहणे मला दर वेळी मनापासून आवडते.

या भागाला हे रूप होंगिक विद्यापीठाच्या कला महाविद्यालयामुळे आले. विद्यार्थी आणि कलाकार इथे स्वस्त भाड्याने राहत, तळघरांत तालमी करत, आणि १९९० च्या दशकाच्या मध्यात ड्रग नावाच्या क्लबमधून क्राइंग नटसारखे पंक वाजवणारे गट पुढे आले. म्हणजे आजच्या झगमगाटाच्या आधी इथे कंपन्यांच्या बाहेरचे संगीत होते, आणि ते अजूनही आहे. रात्री एखाद्या छोट्या लाइव्ह क्लबमध्ये तासभर बसलात तर कोरियन संगीत म्हणजे केवळ कंपन्यांनी घडवलेले नाचगाण्याचे 'आयडॉल' गट, हा समज राहणार नाही. भाडे वाढत गेले तसे हे लोक आधी हापजोंग आणि सांगसूकडे, मग योन्नाम-दोंग आणि मांगवोनकडे सरकले. वस्ती कशी सरकते हे ज्यांना पाहायचे आहे त्यांनी हाच क्रम पायी चालावा.

त्यासाठी क्योंगुई लाइन फॉरेस्ट पार्कसारखी दुसरी वाट नाही. जुना रेल्वेमार्ग जमिनीखाली नेल्यावर वरच्या पट्टीवर सुमारे ६.३ किलोमीटर लांबीचे हे उद्यान टप्प्याटप्प्याने तयार झाले आणि २०१६ मध्ये पूर्ण झाले. होंगिक विद्यापीठ स्थानकातून बाहेर पडताच त्याचा योन्नाम-दोंगमधला भाग लागतो. काही ठिकाणी रूळ तसेच ठेवले आहेत. दोन्ही बाजूंना दुमजली घरांची दुकाने, कॅफे आणि पुस्तकालये झाली आहेत, आणि संध्याकाळी लोक गवतावर चटई टाकून बसलेले असतात.

हापजोंगपर्यंत आलात की वायजीची इमारत पायी पोहोचण्याच्या अंतरावर, हान नदीच्या बाजूला आहे. २०२० मध्ये बांधून झालेली ही नवी इमारत बाहेरूनच पाहता येते, समोर चाहत्यांसाठी कॅफे आहे. जुन्या चाहत्यांना तिथे थांबावेसे वाटते याचे कारण असे की १९९२ मध्ये ज्या सो थैजी अँड बॉइज या त्रिकुटाने कोरियन तरुणांचे संगीत पालटले, त्यातल्या यांग ह्यून-सक यांनी १९९६ मध्ये ही कंपनी काढली.

अल्बम घ्यायचे असतील तर होंगदेतल्या एके अँड या इमारतीत विथम्यू आणि इतर दुकाने आहेत. नोंदणीकृत दुकानातून घेतलेला अल्बम सर्कल आणि हानथो या विक्रीतक्त्यांत मोजला जातो, आणि चाहत्यांना त्याचे महत्त्व फार असते. दुकानाबाहेरच्या बाकांवर बसून फोटोकार्डांची अदलाबदल करणाऱ्या मुली दिसतील, त्यात सामील होणे सोपे आहे. शेवटी एखाद्या फोटो बूथमध्ये शिरून चार चौकटींची पट्टी काढून घ्या. २०१७ मध्ये सुरू झालेल्या इन्सेंग नेकट या साखळीने हे वेड देशभर पसरवले. साधारण ४,००० ते ६,००० वॉन लागतात, आणि काही चौकटींत आवडत्या गायकाच्या शेजारी उभे राहिल्यासारखे छायाचित्र येते.

पायवाट

दोन्ही प्रतिसाद वाचले. मी केवळ व्यवहाराचे लिहितो.

सोंगसू आणि होंगदे (म्हणजेच होंगिक विद्यापीठ) ही दोन्ही स्थानके दोन क्रमांकाच्या वर्तुळाकार मार्गावर आहेत, गाडी बदलावी लागत नाही आणि सुमारे अर्ध्या तासात एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी जाता येते. तेव्हा एक निवडून दुसरे सोडण्याची गरजच नाही. मात्र दोन्ही एकाच दिवशी करू नयेत, कारण दोन्हीकडे पाहण्यासारखे जे आहे ते दुपारनंतर जागे होते.

जून २०२५ पासून कार्डावरील मेट्रोचे किमान भाडे १,५५० वॉन आहे. रोज तीन-चार वेळा गाडीत बसणार असाल तर क्लायमेट कार्ड या अमर्याद प्रवासाच्या कार्डाचा पर्यटकांसाठीचा पास स्वस्त पडतो. तीन दिवसांचा पास १०,००० वॉनला आणि पाच दिवसांचा १५,००० वॉनला सुरू झाला, कार्डाची किंमत वेगळी. त्यावर सोलमधील मेट्रो आणि शहर बस चालतात, पण इंचॉन विमानतळावरून शहरात येताना तो वापरता येत नाही, म्हणून आधी पैसे भरून वापरायचे टी-मनी कार्डही जवळ असू द्या. कार्डाने बाहेर पडून पंधरा मिनिटांच्या आत त्याच स्थानकात परत शिरलात तर पुन्हा भाडे कापले जात नाही. चुकीच्या बाजूला बाहेर पडल्यावर किंवा स्वच्छतागृहासाठी ही सोय कामाची आहे, आणि पायी फिरताना स्वच्छतागृहांसाठी मेट्रो स्थानकांवर निर्धास्तपणे अवलंबून राहावे.

नकाशासाठी नेव्हर मॅप किंवा काकाओमॅप दूरध्वनीत घालून ठेवा. देशाबाहेर तपशीलवार नकाशे नेण्यावर कोरियाने घातलेल्या बंधनांमुळे गूगल मॅप्सवर पायी मार्ग दाखवण्याची सोय तिथे कित्येक वर्षे नव्हती, आणि स्थानिक लोक आजही आपलेच नकाशे वापरतात. बाहेर पडण्याच्या दाराचा क्रमांक नेहमी पाहावा. सोंगसू स्थानकाच्या तीन क्रमांकाच्या दारावर संध्याकाळी अतोनात गर्दी होते, शक्य असेल तर परत येताना तुकसोम किंवा सोल फॉरेस्ट स्थानकाकडे चालत जावे.

तुमच्या तारखांमध्ये हॅलोविन येत असेल तर ३१ ऑक्टोबरच्या आसपासच्या रात्री होंगदे टाळावे असे मी स्पष्ट सांगेन. २०२२ मध्ये २९ ऑक्टोबरच्या रात्री इथेवोनच्या अरुंद गल्लीत झालेल्या चेंगराचेंगरीत १५९ माणसे गेली. तेव्हापासून त्या दिवसांत होंगदे आणि सोंगसू या दोन्ही ठिकाणी पोलीस आणि पालिका गर्दीवर लक्ष ठेवतात, वाटा एकदिशा करतात, काही दारे बंद करतात. त्या रात्री नदीकाठी जा, तिथे मोकळे आहे.

खरेदीच्या वेळी पारपत्र जवळ असावे. १५,००० वॉनपासून पुढच्या खरेदीवर अनेक दुकाने कर जागेवरच वजा करून देतात.

रानजाई

आपण सर्वांनी इतक्या आपुलकीने लिहिलेत, मनापासून आभारी आहे. मुलीला वाचून दाखवले तेव्हा वाढदिवसाच्या कॅफेंची यादी करायला ती लगेच बसली. सोंगसूसाठी कामाचा दिवस आणि होंगदेसाठी शुक्रवार धरावा, असे आता ठरते आहे.

आणखी तीन गोष्टी विचारते. हाइब आणि जेवायपी यांच्या इमारतींपर्यंत जाण्यात काही अर्थ आहे का? तिच्या मैत्रिणीने तिला कलाकारांच्या राहत्या इमारतींचे पत्ते पाठवले आहेत, ते मला बरे वाटत नाही. याबाबत तिथे काय रीत आहे? आणि मी मासे-मांस खात नाही, तर चालता चालता काय खावे?

तिसरी घंटा

रानजाईताई, मी स्वतः अनेक वर्षे या संगीताची चाहती आहे, म्हणून तुमच्या मुलीच्या बाजूने आधी बोलते. ज्या इमारतीत आपल्या आवडत्या गटाने वर्षानुवर्षे तालीम केली तिच्यासमोर एकदा उभे राहावेसे वाटणे अगदी रास्त आहे, आणि ती इच्छा फुटकळ म्हणून बाजूला सारू नये. प्रश्न इतकाच की दाराशी गेल्यावर काय मिळते. हाइब २०२१ मध्ये योंगसानला आली तेव्हा तळघरात तिचे संग्रहालय होते, ते जानेवारी २०२३ मध्ये बंद झाले. आता बाहेरून इमारत पाहायची आणि परतायचे. तरीही योंगसानला राष्ट्रीय संग्रहालय पाहायला तुम्ही जाणारच असाल, तर वाट थोडी वाकडी करून जाता येते. जेवायपी २०१८ पासून शहराच्या पूर्व टोकाला, ऑलिम्पिक पार्कच्या बाजूला आहे. त्याच उद्यानातल्या केएसपीओ डोममध्ये तुमच्या मुक्कामात एखादा कार्यक्रम असेल तर त्या दिवशी ते जमवावे. तिकीट नसले तरी कार्यक्रमाच्या दुपारी डोमभोवती चाहत्यांचा जो मेळा भरतो, वस्तूंच्या रांगा लागतात, हाताने केलेले फलक आणि फोटोकार्ड एकमेकींना फुकट वाटले जातात, ते पाहण्यासाठी मी मुद्दाम जाईन. कंपनीच्या बंद दारापेक्षा तिथे चाहते म्हणजे कोण हे जास्त कळते.

एक सोपा जोड सुचवते. सोल फॉरेस्ट स्थानकापासून पुढचेच स्थानक, हान नदीच्या खालून गेल्यावर, आपगुजोंग रोदेओ आहे. तिथून छोंगदामच्या दिशेने के-स्टार रोड जातो. रस्त्याच्या कडेला वेगवेगळ्या गटांच्या नावांची अस्वलाच्या आकाराची रंगीत शिल्पे आहेत, मुली त्यांच्यासोबत छायाचित्रे काढतात. एसएम आणि जेवायपी या दोन्ही कंपन्या याच भागात वाढल्या. आज त्या इथे नाहीत, त्यामुळे अर्धा तास पुरे.

राहत्या इमारतींचे पत्ते मात्र तिने खोडून टाकावेत, यावर माझे मत ठाम आहे. कलाकाराच्या घरापर्यंत पाठलाग करणाऱ्यांना इथले चाहते स्वतःच चाहते मानत नाहीत, त्यांच्याबद्दल उघड तिरस्कार आहे. शिवाय ऑक्टोबर २०२१ पासून पाठलागाविरुद्धचा स्वतंत्र कायदा लागू आहे. आईने मनाई केली असे न म्हणता, ज्या गटावर तुझे प्रेम आहे त्याच गटाला याचा त्रास होतो, असे तिला सांगा. सतरा वर्षांच्या मुलीला हे नीट समजते.

कलाकारांना जवळून आणि रीतीने पाहण्याची संधी दूरचित्रवाणीच्या साप्ताहिक संगीत कार्यक्रमांच्या निमित्ताने मिळते. केबीएसचा म्युझिक बँक शुक्रवारी योइदोमध्ये होतो आणि एसबीएसचा इन्किगायो रविवारी. आतली बहुतेक तिकिटे नोंदणीकृत चाहत्यांना मिळतात, पण म्युझिक बँकेच्या सकाळी गट गाडीतून उतरून इमारतीत शिरताना छायाचित्रकारांसमोर थांबतात, आणि कठड्यामागे उभे राहून ते पाहता येते. शुक्रवार होंगदेसाठी धरलाच आहे, तर सकाळ योइदोची आणि संध्याकाळ होंगदेची असे छान जुळेल. तिला नाचाचा वर्ग करायचा असेल तर वनमिलियन हा प्रसिद्ध डान्स स्टुडिओ सोंगसूमध्येच आहे, परदेशी पाहुण्यांनाही एका दिवसाचा वर्ग मिळतो. आगाऊ नोंदणी करावी.

खाण्याचे थोडक्यात सांगते. तोकबोक्की, म्हणजे तिखट रश्श्यातल्या तांदळाच्या वड्या, शाकाहारी दिसते, पण तिच्या रश्श्यात सुक्या मासळीचा अर्क आणि वर माशाचे काप असतात. किमचीत, म्हणजे आंबवलेल्या भाज्यांतही, सहसा खारवलेली कोळंबी किंवा माशाचा रस असतो. मांस आणि अंडे न घालता बिबिम्बाप (भाज्या घातलेला भात) मागावा, सोबतची तिखट चटणी वेगळी घेऊन विचारून घ्यावे. होंगदे आणि योन्नाम-दोंगमध्ये पूर्ण वनस्पतिजन्य जेवण देणारी ठिकाणे तुलनेने जास्त आहेत. सोंगसूच्या दिवशी मात्र सोबत काहीतरी असू द्या.

नकाशावेडा

चंद्रकोर यांचे म्हणणे मला मान्य आहे, चाहत्यांनी स्वतः उभारलेले पाहण्यासाठी होंगदेच हवे. फक्त सोंगसूविषयी एक मुद्दा राहिला होता तो पुरा करतो, कारण रानजाईताईंना वस्तीच्या घडणीत रस आहे.

होंगदेतून कलाकार भाड्यापायी बाहेर पडले, ते पाहून सोंगसू ज्या विभागात येते त्या सोंगदोंग पालिकेने २०१५ मध्ये अशी हकालपट्टी रोखण्यासाठीचा कोरियातला पहिला स्थानिक नियम केला. घरमालकांनी भाडे मर्यादेत ठेवावे यासाठी करार घडवले गेले आणि सोल फॉरेस्टजवळच्या काही गल्ल्यांत मोठ्या साखळी दुकानांना अटकाव झाला. लाल विटांची जुनी घरे पाडण्याऐवजी दुरुस्त करणाऱ्यांना पालिकेने अनुदानही दिले. म्हणूनच उद्यानाजवळच्या गल्ल्यांत आजही एकसारख्या विटांची बुटकी घरे आणि लहान दुकाने दिसतात. योनमुजांग-गिलवर गोष्ट वेगळी झाली. तिथे काही दिवसांसाठी जागा देऊन महिन्याच्या भाड्यापेक्षा अधिक मिळू लागले, आणि कायमचा भाडेकरू म्हणून बूट शिवणारा कारागीर मालकाला परवडेनासा झाला. एकाच सकाळी या दोन्ही रस्त्यांवरून सावकाश चाललात तर हा फरक डोळ्यांना दिसतो. कोणी समजावून सांगण्याची गरज पडत नाही.

कार्यशाळांच्या दारातून आत पाहताना विचारून पाहावे, माणूस हातातले काम करत असताना कॅमेरा पुढे करू नये. बुकछोनच्या जुन्या घरांच्या वस्तीत पर्यटकांचा उपद्रव इतका वाढला की तिथल्या ठरावीक भागात संध्याकाळी पाच ते सकाळी दहा या वेळेत पर्यटकांना बंदी आली, आणि मार्च २०२५ पासून ती मोडल्यास १,००,००० वॉन दंड होतो. सोंगसूत असा नियम नाही, पण लोक तिथेही राहतात आणि काम करतात.

बूट विकत घ्यायचा विचार असेल तर मुक्कामाच्या पहिल्या दिवसांतच सोंगसूला जा. मापाचा बूट शिवून मिळायला काही दिवस लागतात, आणि परतीच्या आधी तो घ्यायला पुन्हा एकदा त्या गल्लीत जाता येईल.

रानजाई

तसेच करते. सोमवारी उतरतो आहोत, त्यामुळे मंगळवार सोंगसूचा. बुटांसाठी पायाचे माप मिलिमीटरमध्ये सांगावे लागते का, आणि टाचेची उंची, चामड्याचा प्रकार यांसाठी कोरियनमध्ये कोणते शब्द वापरावेत, हे चंद्रकोर यांनी सवडीने लिहिले तर मुलगी ते हंगुलमध्ये कागदावर उतरवून ठेवेल.

चंद्रकोर

हो ताई, माप मिलिमीटरमध्येच सांगायचे, म्हणजे २४० किंवा २४५ असे. पण कारागीर कागदावर पाय ठेवून स्वतःच माप घेईल, ते अधिक खात्रीचे. टाचेसाठी 'गुप' म्हणा आणि उंची सेंटिमीटरमध्ये सांगा. अस्सल चामड्याला 'छॉनयोन गाजुक' म्हणतात, मऊ आतल्या बाजूच्या चामड्याला 'स्वेड' म्हटले तरी समजते. रक्कम कितीही असो, पावतीवर तयार होण्याची तारीख लिहून घ्यावी आणि तुम्ही कोणत्या दिवशी देश सोडणार ते आधीच सांगावे. गरज पडली तर मंगळवारी दुपारी मला इथे संदेश पाठवा, माझे तास तीन वाजता संपतात, दूरध्वनीवरून कारागिराशी बोलून देईन.